चिलमीचा ज्वालामुखी

शाळेच्या अंगणात आता सिमेंटचे गट्टू बसवले आहेत. एक लाल, एक राखाडी, पुन्हा लाल. भाच्याच्या मुलीच्या लग्नासाठी गावात आले होते. हळदीच्या गडबडीत कुणाचं लक्ष नाही असं पाहून काठी टेकत इकडे निसटले. सुट्टीचा दिवस होता, फाटक नुसतं ओढून घेतलेलं. आत चिटपाखरू नव्हतं. माझ्या पिशवीत जुन्या पातळाच्या तुकड्यात गुंडाळलेली एक चिलीम होती. चिलीम म्हटल्यावर लोक भलतंच समजतात, म्हणून आधीच सांगते, मी ओढत नाही. ही चिलीम म्हणजे ज्वालामुखी आहे, आपल्या देशातला एकुलता एक.

मी हिमालय शोधत होते. तो नळाच्या अलीकडे असायला हवा. तेव्हा नळ नव्हता, रांजण होता, आणि रांजणाचं पाणी सांडून तिथली जमीन कायम ओली राहायची. म्हणून गुरुजींनी आमच्या मातीच्या नकाशातला हिमालय दोन हात खाली सरकवला होता. सह्याद्री व्हरांड्याच्या पायरीला धरून खाली गेलेला. कन्याकुमारी आताच्या फाटकापाशी. मोहाचं झाड आणि नकाशा यांच्या मध्ये बंगालचा उपसागर, आणि मोहाच्या मुळांशी अंदमान. झाड अजून आहे. त्याच्या बुंध्याभोवती कुणीतरी सिमेंटचा ओटा बांधून दिलाय, त्यावर बांधून देणाऱ्याचं नाव आहे. अंदमान त्या ओट्याखाली गेलं.

हे सगळं एका चौथी पास बाईनं लिहावं याचं माझ्या सुनेला हसू येतं. येऊ दे. चौथीच का, हेच तर मला सांगायचं आहे.

आमच्या शाळेत चारच वर्ग होते. पाचवी आरमोरीला. मुलगे नात्यातल्या कुणाकडे राहून शिकत, मुलींचा प्रश्नच नव्हता. मी तिसरीत असतानाच बाबांनी सांगून ठेवलं होतं, की गावात पाचवी निघाली तर शीक, नाही तर चौथी पुष्कळ झाली. बाबा वाईट नव्हते. धानाची शेती, बोडीचं, म्हणजे लहानशा तळ्याचं पाणी, घरात लहान भावंडं, आणि मी थोरली. त्यांनी तेवढं दार उघडं ठेवलं हेच त्या काळी फार होतं. पाचवी निघायची की नाही ते डिप्टीसाहेबांच्या हातात होतं. ते दर वर्षी दिवाळीनंतर, रस्ते वाळले की, शाळा तपासायला येत. गुरुजी म्हणत, यंदा साहेबांना असं काही दाखवू की त्यांना नाही म्हणताच येणार नाही.

गुरुजी आमच्याकडचे नव्हते. पार नाशकाकडचे, बोलणं पुस्तकातल्यासारखं. पहिल्या वर्षी त्यांना इथलं काहीच कळत नसे, माणसांचं बोलणंही नाही आणि जंगलातली वाटही नाही. संध्याकाळी ते व्हरांड्याच्या टोकाला बसून पश्चिमेकडे बघत राहायचे. तिकडे बघण्यासारखं काही नव्हतं. एकदा मी विचारलं तर म्हणाले, माझ्या घरातून डोंगर दिसायचा, सवय झाली आहे. आमच्याही जंगलात डोंगर आहेत, मी म्हटलं. ते हसले. ते झाडांखाली लपलेत, म्हणाले.

त्या वर्षी सगळीकडे एकच बोलणं होतं, की प्रांत बदलणार, आमचा चांदा जिल्हा मध्य प्रदेशातून निघून मुंबईकडे जाणार. भिंतीवरचा नकाशा जुना झाला होता आणि नवा यायचा होता. गुरुजींनी मग ठरवलं, जमिनीवर नकाशा करायचा आणि त्यात प्रांतांच्या रेषा काढायच्याच नाहीत. फक्त डोंगर. रेषा पुसतात, डोंगर कुठं जाणार, असं ते म्हणाले. हे वाक्य मी इतक्या वेळा आठवलंय की आता त्याचा आवाज गुरुजींचा राहिलेला नाही, माझाच झालाय.

दसऱ्याला सुरुवात केली. वारुळाची माती आम्ही टोपल्यांनी आणली, कारण ती चिकट असते आणि वाळल्यावर भेगाळत नाही. तिच्यात धानाचा कोंडा कालवला. आश्विनातलं ऊन, बाहेर धान निसवलेलं, सगळ्या गावावर त्याचा तो गोडसर, दुधाळ वास, आणि आमच्या हातांना मातीचा आणि कोंड्याचा. तो वास पुढं मला कुठंच भेटला नाही. भिंती लिंपताना जवळपास तसा यायचा, पण त्यात काहीतरी कमी असायचं.

हिमालयाला छुई मातीचा पांढरा हात दिला. विंध्य आणि सातपुडा गेरूचे. सह्याद्रीला चुलीतला कोळसा कुटून काळं केलं, कारण तो सगळा थिजलेल्या आगीचा दगड आहे, असं गुरुजींनी सांगितलं. फार पूर्वी जमीन फाटून आग वाहिली, थरावर थर बसले, आणि ती आग पसरत पसरत आमच्या जिल्ह्याच्या पश्चिम कडेपर्यंत येऊन थांबली. तिथली काळी, कापसाची जमीन म्हणजे त्या दगडाचाच भुगा. आमचे इकडचे डोंगर त्याहूनही म्हातारे. सुरजागडच्या बाजूनं आलेल्या कुणीतरी एक जड, काळसर लोखंडी दगड दिला होता, तो गुरुजींनी आमच्या जागेवर ठेवला. अख्ख्या नकाशात तेवढाच एक खरा डोंगर होता.

प्रत्येकाच्या वाट्याला एकेक शिखर आलं. माझ्याकडे नंदादेवी. मी ती इतकी घासली, इतकी घासली, की बोटांची सालं निघाली. निलगिरी ज्याच्याकडे होती त्यानं नीळ मागितली, आणि गुरुजींनी ती त्याला न देता समुद्राला दिली. मुलगा रडला. आज त्याचं नावही आठवत नाही, रडणं आठवतं.

शाळेला कुंपण नव्हतं. नकाशाभोवती बोरीच्या काट्या रोवल्या आणि वरून बांबूच्या ताट्या झाकल्या. ताट्या सकाळी काढायच्या, संध्याकाळी घालायच्या, हे काम गुरुजींनी माझ्यावर सोपवलं. मला त्याचा फार तोरा चढला होता.

सोमाजी रोज यायचा. सोमाजी गावाचा गायकी, म्हणजे सगळ्यांची गुरं चारायला नेणारा. जातीनं गोवारी, वयानं किती कुणास ठाऊक, आम्ही पोरं त्याला आजा म्हणत असू. सकाळी गावची गुरं आखरावर गोळा करायची, आणि आखर शाळेला लागूनच होता, रांजणाच्या पलीकडे. गुरं जमेपर्यंत तो काठीवर हनुवटी टेकून नकाशा बघत उभा राहायचा. एकदा गुरुजींनी त्याला आत बोलावलं आणि एकेक डोंगर नाव घेऊन दाखवला. पचमढीचं नाव निघाल्यावर सोमाजी एकदम वाकला.

"मी इथी गेलतो," तो म्हणाला. "मोठ्या महादेवाले. पायी, तिरसूल घेऊन."

गुरुजी खूश झाले. कुठं ते बोट ठेवून दाखवा, म्हणाले. सोमाजी बोट ठेवायला तयार होईना. त्यानं हातातली काठी खाली ठेवली, पायातले जोडे काढले आणि सातपुड्याला हात जोडले. आम्ही खिदळलो. गुरुजी हसले नाहीत. मुलांनो, म्हणाले, या अंगणात प्रत्यक्ष डोंगर चढलेला हा एकच माणूस आहे.

शेवटी ज्वालामुखी राहिला. आपल्या देशात जळता डोंगर एकच, आणि तोही जमिनीवर नाही, अंदमानाच्या समुद्रात एका ओसाड बेटावर एकटाच. कधीकाळी धूर टाकायचा, आता निजला आहे. विझला का, असं मी विचारलं. विझला नाही, निजला, गुरुजी म्हणाले. पण निजलेला डोंगर दाखवून पोरांना काय मजा? धूर पाहिजे असा सगळ्यांनी धोशा लावला. तेव्हा सोमाजीनं कमरेची मातीची चिलीम काढली आणि मोहाच्या मुळाशी उलटी ठेवली. रुंद तोंड खाली, निमुळतं तोंड वर. खाली जमिनीत लहानसा खड्डा, त्यात निखारा, निखाऱ्यावर चिमूटभर राळ. निमुळत्या तोंडातून धूर सरळ वर आला. रोज वापरून चिलीम आतून काळी झाली होती, त्यामुळे धुराला राळेचा थोडा आणि तंबाखूचा पुष्कळ असा वास होता. गुरुजींना तंबाखूचा तिटकारा. पण त्या दिवशी ते त्या धुराकडे बघत राहिले आणि म्हणाले, पाचवी निघाली असं समजा.

सोमाजीनं आपल्यासाठी दुसरी चिलीम घेतली नाही. तेंदूच्या पानाची विडी ओढायचा आणि खोकायचा. साहेब येऊन गेल्यावर माझी परत द्या, एवढंच त्याचं म्हणणं होतं.

दिवाळीला गुरुजी घरी गेले. जाताना मला म्हणाले, ताट्या विसरू नकोस.

आता इथं आमच्याकडची रीत सांगायला हवी, कारण ती ठाऊक नसली तर पुढचं सगळं वेडेपणाचं वाटेल. पाडव्याला आमच्याकडे गायगोधन असतं. आखरावर शेणाचा डोंगर रचतात, तोच गोवर्धन. त्याची पूजा करतात, फुलं, धानाच्या लोंब्या खोवतात. मग गाईंना आंघोळ घालून, शिंगांना गेरू लावून, मोरपिसं बांधून, डफ आणि बासरीच्या तालावर गोवारी त्यांना खेळवतात आणि त्या डोंगरावरून नेतात. गाईच्या खुराखाली गेला की डोंगर पावला. मग ते तुडवलेलं शेण एकमेकांच्या कपाळाला लावायचं आणि थोरांच्या पाया पडायचं. खुराखाली न गेलेला डोंगर हा नुसता ढीग. हे मला कुणी शिकवलं नव्हतं, जसं पाणी ओलं असतं हे कुणी शिकवत नाही.

लक्ष्मीपूजनाच्या दिवशी सकाळी मी ताट्या काढत होते. सोमाजी काट्यांच्या बाहेर उभा राहिला. मग म्हणाला, "काऊन वं माय, गुरुजी घरी गेले?"

मी हो म्हटलं.

"एवढा डोंगर करून ठेवला गुरुजीनं. त्याच्यात महादेव हाये, हिमालय हाये. उद्या याच्यावरून गाई नाई नेल्या तं हा कोरडाच राह्यल ना? पन इचारल्याबिगर कसं न्याव? तुले काई बोलून गेले का ते?"

मी खरं सांगायला हवं होतं. काही बोलले नाहीत, एवढंच सांगायचं होतं. पण माझ्या मनात त्या क्षणी पाचवी आली. डोंगर पावला तर पाचवी निघेल, कोरडा राहिला तर निघणार नाही, इतकं ते सोपं होतं. गुरुजी तिकडचे, त्यांना रीत ठाऊक नाही, ते विसरले, आणि त्यांनी विसरलेलं मी सांभाळायचं आहे, असंच वाटलं. आणि खोटं कशाला बोलू, थोडी हौसही होती. माझ्या नंदादेवीपुढं डफ वाजावेत असं मला वाटत होतं.

"बोलले ना आजा," मी म्हटलं. "सोमाजीले सांगजो, गाई आनजो म्हने."

सोमाजीचा चेहरा असा उजळला की मी तो पुन्हा कुणाचा पाहिला नाही.

दुसऱ्या दिवशी आखरावरचा शेणाचा गोवर्धन लहानसाच केला होता. गावाला वाटलं, गुरुजींचीच इच्छा आहे. बायका आरत्या घेऊन शाळेपाशी आल्या. नंदादेवीवर कुणीतरी झेंडूचं फूल ठेवलं. मी आणि सोमाजीनं मिळून बोरीच्या काट्या उपटल्या, ताट्या बाजूला रचल्या. माझ्या तळहातात काटा मोडला होता, त्याचं मला काही वाटलं नाही.

गाई उत्तरेकडून आल्या. गुरुजी शिकवायचे, की हिमालय ही आपली भिंत, ती ओलांडून कुणी येत नाही. पहिली गाय पायथ्याशी थांबली. तिनं छुई मातीचा वास घेतला, फुरफुरली. सोमाजीनं तिच्या पाठीवर हात ठेवला, काहीतरी पुटपुटला. बासरी वाजत होती. तिनं पाय उचलला.

वाळलेल्या पापडावर पाय पडावा तसा आवाज झाला. मग मागून सगळ्याच आल्या, डफ जोरात वाजायला लागले आणि आवाज ऐकू येईना. आधी पांढरी धूळ उठली, मग तांबडी. सह्याद्रीची काळी धूळ व्हरांड्यावर बसली. गाई समुद्रातून फिरून बाहेर पडल्या तेव्हा त्यांचे खूर निळे झाले होते. गावाच्या रस्त्यावर, सडा घातलेल्या अंगणांतून, रांगोळ्यांवरून संध्याकाळपर्यंत निळ्या खुरांचे ठसे दिसत होते, आणि बायका ते बघून हात जोडत होत्या. सोमाजीनं हिमालयाची चिमूटभर माती उचलून माझ्या कपाळाला लावली. मी त्याच्या पाया पडले.

मला वाटलं होतं, खुरांचे ठसे तेवढे उमटतील. आखरावरच्या शेणात ठसेच उमटतात, डोंगर डोंगरच राहतो. वाळलेली माती ओल्या शेणासारखी वागत नाही हे मला कळायला हवं होतं. मीच ती मळली होती.

सगळे गेल्यावर मी नंदादेवी शोधायला गेले. झेंडूच्या पाकळ्या सापडल्या. लोखंडी दगड तेवढा होता तिथंच होता. आणि मोहाची मुळं वर आलेली असल्यानं गाई तिकडे वळल्या नव्हत्या, म्हणून चिलीम उभी होती. सगळा देश गेला आणि कोपऱ्यातला ज्वालामुखी राहिला. मी ती उचलली आणि ओच्यात लपवून घरी नेली. का नेली, विचारू नका. काहीतरी वाचवावं असं वाटलं असेल, किंवा काहीतरी लपवावं असं.

गुरुजी बैलगाडीतून उतरले तेव्हा दुपार होती. हातात पिशवी तशीच धरून ते अंगणात उभे राहिले. मग उकिडवे बसले. एक काळा तुकडा उचलला, दुसरा उचलला, दोन्ही एकमेकांना जुळतात का पाहिलं. जुळले नाहीत. चार शहाणी माणसं जमली, कुणीतरी सोमाजीला बोलावून आणलं. मी व्हरांड्याच्या खांबाला टेकून उभी होते, आठ-दहा पावलांवर.

गुरुजींनी रागावून विचारलं असतं तर बरं झालं असतं. त्यांनी अगदी हळू विचारलं, "सोमाजी, हे तुम्हाला कुणी सांगितलं?"

सोमाजीनं माझ्याकडे पाहिलं नाही. मुद्दाम पाहिलं नाही, हे मला तेव्हाच कळलं. गुरुजींच्या प्रश्नातच त्याला उत्तर मिळालं होतं.

"कोनी नाई सांगतलं, गुरुजी," तो म्हणाला. "माह्या मनानं केलं."

मला तोंड होतं, जीभ होती. पावलं चालती होती. मी खांबाचा गिलावा नखानं खरवडत राहिले. आज तो खांबही नाही, नवी इमारत झाली. नाही तर दाखवला असता.

तिसऱ्या दिवशी डिप्टीसाहेब आले. माती इतक्या लवकर वाळत नाही, त्यामुळे नवं काही उभं राहिलं नव्हतं. साहेबांनी अंगण पाहिलं, खुरांचे ठसे पाहिले आणि शेऱ्याच्या वहीत लिहिलं, शाळेच्या आवारात जनावरं फिरतात, शिस्त नाही. पाचवीचा वर्ग दुसऱ्या गावाला गेला. माझी चौथी त्या उन्हाळ्यात संपली. गुरुजींची बदली सिरोंच्याकडे झाली, जिथं पोरं तेलुगू बोलतात. जाताना त्यांनी मला एकच विचारलं, ताट्या झाकत होतीस ना? झाकत होते, मी म्हटलं. त्यांनी मान हलवली. आता तिथं नवं बोलणं शिकावं लागेल, म्हणाले, आणि गाडीत बसले. त्यांचं पुढं काय झालं मला माहीत नाही.

सोमाजीची गुरं मात्र त्याआधीच, त्याच कार्तिकात गेली. पाचवी बुडवली म्हणून गावानं त्याच्याकडून काम काढून दुसरा गायकी ठेवला. ज्यांच्या पोरी शाळेत कधी गेल्याच नव्हत्या तेच जास्त बोलले. सोमाजी तरीही सकाळी आखरावर येऊन बसायचा, पूर्वीच्याच वेळी, काठी घेऊन. गाई त्याच्याभोवती जमायच्या. नवा गायकी शिव्या घालत त्यांना हाकायचा. त्या निघायच्या आणि वळून बघायच्या. मी आखराच्या वाटेनं जायचं सोडलं. पाण्याला लांबून जायला लागले, आईनं कारण विचारलं, मी पायात काटा आहे म्हणून सांगितलं.

माघात आमच्या भागातली माणसं मोठ्या महादेवाला निघाली. सोमाजी आमच्या अंगणात आला, खांद्यावर घोंगडी, हातात त्रिशूळ. आई घरात नव्हती. मी ओसरीत तांदूळ पाखडत होते.

"जातो वं माय. महादेवाच्या डोंगरावर मी गाईचे खूर पाडले. त्याले जाऊन सांगाव लागल." मग जरा थांबून म्हणाला, "माही चिलीम तिथी होती ना, मोहापाशी. लंबी वाट हाये. कुठी दिसली का तुले?"

चिलीम माझ्या मागच्या कोनाड्यात होती, चिंध्यांच्या खाली. द्यायची म्हणजे मी ती उचलली होती हे सांगायचं, ते सांगायचं म्हणजे सगळंच सांगायचं.

"फुटली आजा," मी म्हटलं. "गाईच्या पायाखाली आली."

"जाऊ दे माय," तो म्हणाला. "मातीचीच होती."

बाकीची माणसं महाशिवरात्रीनंतर परत आली. सोमाजी आला नाही. शेवटच्या चढावर तो एका दगडावर बसला आणि तुम्ही व्हा पुढं म्हणाला, एवढंच त्यांना ठाऊक होतं. उतरताना दगड होता, दगडाला टेकलेला त्रिशूळ होता. मी ते आईच्या मागं उभी राहून ऐकलं. चैत्र लागला, मोह गळायला लागला, पहाटेपासून सगळं गाव त्या वासानं भरून गेलं, पोरी टोपल्या घेऊन धावल्या. मीही वेचली फुलं. जेवलेही असेन. माणूस जेवतो.

पुढं लग्न झालं, दूर गेले. मुलं झाली, मोठी झाली. वाणसामानाच्या पुड्यांचे कागद वाचत वाचत वाचन टिकवलं. एकदा, केस पांढरे व्हायला लागले होते तेव्हा, रेडिओवर सांगितलं की अंदमानच्या त्या ओसाड बेटावरचा ज्वालामुखी पुन्हा पेटला. मी भाकरी थापत होते. भाकरी तव्यावर करपली. यजमान म्हणाले, लक्ष कुठं आहे? मी म्हटलं, तो विझला नव्हता, निजला होता. त्यांना वाटलं, मी शेजारच्या कुणाबद्दल बोलतेय.

लोक म्हणतात, सांगून टाकलं की मन हलकं होतं. कुणाला सांगू? ज्यांना सांगायचं ते दोघंही गेले असणार, आणि ज्यांनी सोमाजीची गुरं काढली ते सगळे मसणात गेले. आज अंगणात उभं राहून मी मोठ्यानं बोलून पाहिलं, मी सांगितलं होतं, मी. गट्टूंवर आवाज नुसता घसरून गेला. हलकं काहीही झालं नाही.

चिलीम पिशवीतून काढली आणि ओट्यावर, अंदमान असेल तिथं, उलटी ठेवली. नीट बसली. आत बोट घातलं तर अजून काळं लागतं. परत द्यायची म्हणून आणली होती, पण सिमेंटमध्ये पुरणार कुठं? मंडपातून भाच्याची हाक आली, आत्याबाई कुठी गेली म्हणून. मी चिलीम उचलून पुन्हा गुंडाळली.

एक गोष्ट मघाशी सांगायची टाळली. महादेवाला निघाला त्या दिवशी आमच्या अंगणातून बाहेर पडता पडता सोमाजी वळला होता. म्हणाला, "महादेवालेही मी माह्या मनानं केलं असंच सांगीन. तू भिऊ नको, माय."

देवापुढंसुद्धा तो माझ्यासाठी खोटं बोलायला निघाला होता, आणि मी त्याला त्याची चिलीमही दिली नाही.